रेंज नसलेल्या शाळेत कॉम्प्युटरचे ड्रायव्हर कसे टाकायचे?

सुरगाणा तालुक्यातल्या एका आश्रमशाळेच्या सरांनी विचारलं आहे. नाशिकच्या एका कारखान्याने शाळेला बारा जुने कॉम्प्युटर दिले. हार्ड डिस्क पुसूनच आल्या होत्या, म्हणून सरांनी पेनड्राइव्हवरून विंडोज १० टाकलं. विंडोज सुरू झालं, पण स्क्रीनवर सगळं बटबटीत मोठं दिसतं, आवाज नाही, लॅन नाही आणि डिव्हाइस मॅनेजरमध्ये पिवळ्या खुणा, म्हणजे त्या भागांचे ड्रायव्हर (विंडोजला तो भाग चालवता यावा म्हणून लागणारे छोटे प्रोग्राम) नाहीत. शाळेत नेट नाही. मोबाइलला रेंज हवी तर मागची टेकडी चढावी लागते. तालुक्याला जाऊन त्यांनी ‘ऑल ड्रायव्हर’ नावाची एक फाइल उतरवून आणली. ती एका मशीनवर चालवली, तर मशीन हळू झालं आणि ब्राउझर उघडला की भलत्याच जाहिराती. पिवळ्या खुणा आहेत तिथेच. आता काय करावं?

सर, ती फाइल ज्या मशीनवर चालवली तिच्यावर विंडोज पुन्हा कोरं टाका, आणि पेनड्राइव्हमधूनही ती फाइल काढून टाका. तिने आत काय काय सोडलंय ते शोधण्यात दिवस जाईल; नव्याने टाकायला तासभर पुरतो. बाकीच्या अकरा मशीन आहेत तशाच राहू द्या.

मी नाशिकात सीबीएसजवळ (मध्यवर्ती बसस्थानकाजवळ) तेवीस वर्षं कॉम्प्युटर दुरुस्त करतो. पेठ, हरसूल, सुरगाण्याकडच्या शाळा, सातपूर-अंबडची वर्कशॉपं, पिंपळगावकडचे भुईकाटे, म्हणजे जिथे नेट पोचत नाही किंवा मालकाने मुद्दाम दिलेलं नाही, अशी मशीन माझ्याकडे जास्त येतात. या कामात माणसांच्या ज्या खेपा वाया जाताना पाहिल्या, त्यांतल्या बहुतेकींचं कारण एकच होतं. माणूस ड्रायव्हर आणायला निघाला, पण नेमका कशाचा ड्रायव्हर हवा ते त्याच्याकडे लिहिलेलं नव्हतं. ‘एचपीचं लॅन’ किंवा ‘असेंबल्ड आहे, साउंड चालत नाही’ एवढ्या माहितीवर कुणीच बरोबर फाइल देऊ शकत नाही. पेटीवर नाव एका कंपनीचं, आत लॅनची चिप दुसरीची, वाय-फाय कार्ड तिसरीचं. एकाच मॉडेलच्या, एकाच दिवशी घेतलेल्या दोन लॅपटॉपमध्ये वेगवेगळी वाय-फाय कार्डं निघालेली मी पाहिली आहेत.

पण चिप आपली ओळख स्वतः सांगते, अगदी ड्रायव्हर नसतानाही. ती अशी बघायची. स्टार्ट बटणावर राइट क्लिक करून डिव्हाइस मॅनेजर उघडा. पिवळी खूण असलेल्या ओळीवर राइट क्लिक, प्रॉपर्टीज, मग डिटेल्स हा टॅब. तिथे ‘प्रॉपर्टी’खालची यादी उघडून ‘हार्डवेअर आयडीज’ निवडा. खाली तीन-चार ओळी येतील. सगळ्यांत वरची सगळ्यांत लांब: आधी पीसीआय, मग व्हेन आणि चार अक्षरं-आकडे, मग डेव्ह आणि चार, मग सबसिस आणि आठ, शेवटी रेव्ह आणि दोन. स्क्रीनवर हे अर्थातच रोमन लिपीत दिसेल.

व्हेन म्हणजे चिप बनवणारी कंपनी, डेव्ह म्हणजे तिची नेमकी चिप. व्हेन ८०८६ असेल तर इंटेल. कंपनीने १९७८ मध्ये काढलेल्या आपल्या प्रसिद्ध प्रोसेसरचाच आकडा ओळख म्हणून घेतला आहे. १०ईसी म्हणजे रिअलटेक, १०डीई म्हणजे एनव्हिडिया. १००२ हा एटीआयचा. एटीआय २००६ मध्ये एएमडीने विकत घेतली, तरी आजच्या एएमडी ग्राफिक्स कार्डवरही १००२ च दिसतो. कंपन्या विकल्या जातात, नावं बदलतात, वेबसाइट बंद पडतात. चिपवरचा आकडा बदलत नाही, म्हणून शोध त्या आकड्यानेच घ्यायचा. सबसिस हा भाग पेटी बनवणाऱ्याने त्या चिपला दिलेला स्वतःचा क्रमांक. लॅनच्या बाबतीत तो फारसा आडवा येत नाही. साउंडच्या बाबतीत येतो, कारण हेडफोनचं भोक पुढे आहे की मागे, माइक कोणत्या तारेवर आहे, हे त्यावरून ठरतं. चिप तीच, ड्रायव्हर त्याच चिपचा, तरी पुढच्या भोकातून आवाज येत नाही, अशी तक्रार बहुतेक वेळा इथली असते.

हे आकडे हाताने लिहून घेऊ नका. ८ आणि बी, ० आणि डी यांत घोटाळा होतोच, आणि एका अक्षराने सगळी खेप फुकट जाते. त्या ओळींवर राइट क्लिक करून सगळं निवडा, कॉपी करा, नोटपॅडमध्ये चिकटवा आणि पेनड्राइव्हवर ठेवा. प्रत्येक सीपीयूवर मार्करने १ ते १२ नंबर टाका आणि फाइललाही तोच नंबर द्या. शिवाय ‘सिस्टीम इन्फर्मेशन’ उघडून ती माहितीही फाइल करून ठेवा. त्यात मदरबोर्डचं मॉडेल आणि बायोसची (मशीन सुरू करणाऱ्या मूळ प्रोग्रामची) तारीख मिळते. ब्रँडेड मशीन असेल तर मागच्या स्टिकरवरचा सिरियल नंबर किंवा सर्व्हिस टॅगही टिपून घ्या. स्टिकर झिजला असेल तर मोबाइलचा टॉर्च बाजूने तिरका धरून फोटो काढा, पुसट आकडे उठून दिसतात.

पिवळ्या यादीतली नावं बघून घाबरायला होतं, म्हणून त्यांची फोड सांगतो. ‘इथरनेट कंट्रोलर’ म्हणजे लॅन. ‘नेटवर्क कंट्रोलर’ म्हणजे बहुधा वाय-फाय. ‘एसएम बस कंट्रोलर’ दिसला तर चिपसेटचा, म्हणजे बोर्डवरचे भाग एकमेकांना जोडणाऱ्या चिपचा, ड्रायव्हर राहिलाय. ‘पीसीआय सिंपल कम्युनिकेशन्स कंट्रोलर’ हे नाव मोडेमसारखं वाटतं, पण इंटेलच्या बोर्डवर ते मॅनेजमेंट इंजिन, म्हणजे मशीनची आतली देखरेख करणारा भाग, असतं. ‘बेस सिस्टीम डिव्हाइस’ हे लॅपटॉपमध्ये बहुतेक वेळा मेमरी कार्डाचा खाचा. ‘मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले ॲडॅप्टर’ला पिवळी खूण नसते, तरी तोच तुमच्या बटबटीत स्क्रीनचं कारण आहे, विंडोजने ग्राफिक्सचा खरा ड्रायव्हर नसल्याने आपला कामचलाऊ लावलाय. मुलांच्या दृष्टीने महत्त्वाचे तीनच: ग्राफिक्स, साउंड, लॅन. मॅनेजमेंट इंजिनाची पिवळी खूण महिनाभर तशीच राहिली तरी शाळेचं काही अडत नाही.

आता तुमच्यासाठी सगळ्यांत सोपा रस्ता. तुम्ही लिहिलं नाहीत, पण कारखान्याने दिलेले कॉम्प्युटर बहुधा एकाच खरेदीतले असतात. आयडीच्या फाइली एकमेकींशी जुळवून बघा. बारापैकी आठ-दहा एकसारख्या निघाल्या, तर प्रत्येकासाठी ड्रायव्हर शोधायची गरज नाही. त्यातला एक सीपीयू गोणपाटात गुंडाळा आणि जिथे नेट आहे तिथे न्या. मॉनिटर नेऊ नका, तिथे कुणाचाही चालेल. तालुक्याच्या गावातलं एखादं महा-ई-सेवा केंद्र, ओळखीचं दुकान, कुठेही. लॅनचा ड्रायव्हर नाही म्हणून नेट लागणार नाही असं वाटेल, पण अँड्रॉइड फोन केबलने जोडून यूएसबी टेदरिंग सुरू केलं की विंडोज १० त्याला लॅन म्हणून ओळखतं. त्यासाठी लागणारा ड्रायव्हर विंडोजमध्ये आधीपासून असतो. फोन तिथल्या वाय-फायला जोडलेला असेल तर बहुतेक फोनमधून तेच नेट केबलने मशीनला मिळतं आणि तुमचा डेटा पॅक वाचतो. आयफोनचं तसं नाही, त्याला ॲपलचा ड्रायव्हर आधी लागतो.

नेट आलं की सेटिंग्जमध्ये विंडोज अपडेट चालवा, आणि ‘ऑप्शनल अपडेट्स’मध्ये ड्रायव्हरची यादी दिसली तर तीही निवडा. डिव्हाइस मॅनेजरमधल्या ‘सर्च ऑटोमॅटिकली’वर विसंबू नका, अलीकडच्या विंडोज १० मध्ये तो पर्याय फक्त मशीनमध्येच शोधतो, नेटवर जात नाही. दोन-तीनदा रीस्टार्ट होऊ द्या. पिवळ्या खुणा गेल्या, स्क्रीन नीट झाली, आवाज आला, की खरं काम सुरू. कमांड प्रॉम्प्ट ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा आणि हे टाइप करा, अर्थात रोमनमध्ये:

डीआयएसएम /ऑनलाइन /एक्सपोर्ट-ड्रायव्हर /डेस्टिनेशन:ई:\ड्रायव्हर

ई म्हणजे तुमच्या पेनड्राइव्हचं अक्षर. तो ‘ड्रायव्हर’ नावाचा फोल्डर आधी तयार करून ठेवा. मशीनमध्ये बाहेरून आलेले सगळे ड्रायव्हर या फोल्डरमध्ये उतरतील. विंडोजचे स्वतःचे त्यात येत नाहीत, पण ते बाकीच्या मशीनमध्ये आहेतच. शाळेत परत आल्यावर प्रत्येक मशीनवर, पुन्हा ॲडमिनिस्ट्रेटर म्हणूनच:

पीएनपीयुटिल /ॲड-ड्रायव्हर ई:\ड्रायव्हर\*.आयएनएफ /सबडर्स /इन्स्टॉल

तो तारा म्हणजे सगळ्या फाइली आणि सबडर्स म्हणजे आतल्या फोल्डरांसकट. विंडोज स्वतः आयडी जुळवून लागेल तोच ड्रायव्हर लावतं. अकरा मशीनला मिळून एक दुपार पुरेल. आणि हा फोल्डर जिवापाड जपा. पेनड्राइव्हवर एक आणि शाळेच्या कपाटात डीव्हीडीवर एक. पुढच्या वर्षी एखादं मशीन फॉरमॅट करावं लागलं तर सुरगाण्यालाही जावं लागणार नाही. फॉरमॅट मारण्याआधी डीआयएसएमची ती एक ओळ चालवायची, हे मी माझ्याकडच्या पोरांना पहिल्या आठवड्यात शिकवतो.

विंडोज सुरूच होत नसेल तर? तरीही ड्रायव्हर जुन्या डिस्कमध्ये असतात. पिंपळगाव बसवंतजवळच्या एका भुईकाट्यावर एप्रिलमध्ये असं झालं होतं. उन्हाळ कांद्याचे ट्रॅक्टर रस्त्यापर्यंत उभे, ऑपरेटर वजन हाताने पावतीवर लिहितोय आणि कॉम्प्युटरची हार्ड डिस्क खरडल्यासारखा आवाज करतेय. काट्याचं वजन कॉम्प्युटरमध्ये एका सिरियल पोर्टच्या कार्डावरून येत होतं. कार्डाची सीडी कधीच हरवलेली, कार्डावर कंपनीचं नाव नाही. मी नवी एसएसडी लावून विंडोजची तीच आवृत्ती टाकली, जुनी डिस्क यूएसबी केसमध्ये घातली आणि तिच्यातला विंडोज, मग सिस्टीम३२, मग ड्रायव्हरस्टोअर, त्यातला फाइलरिपॉझिटरी हा फोल्डर आख्खा उचलला. डिस्क अडखळत होती, तरी तेवढा भाग आला. मग डिव्हाइस मॅनेजरमध्ये त्या कार्डावर ‘अपडेट ड्रायव्हर’, ‘ब्राउझ माय कॉम्प्युटर’, तो फोल्डर दाखवला, आतल्या फोल्डरांची खूण तशीच ठेवली. शेकडो फोल्डरांतून विंडोजने बरोबर तेवढा एक उचलला. पोर्टला नवा नंबर मिळाला होता, म्हणून पोर्टच्या ॲडव्हान्स्ड सेटिंगमध्ये जाऊन तो जुनाच, कॉम ३, करून दिला, कारण काट्याचं सॉफ्टवेअर तिथेच बघत होतं. पहिला ट्रॅक्टर चढला आणि स्क्रीनवर आकडा हलला, तेव्हा ऑपरेटरने पेन खिशाला लावलं.

त्या कार्डाचा व्हेन क्रमांक ९७१० होता. म्हणजे मॉसचिप, आपल्या हैदराबादची कंपनी. पुढे त्या चिपा तैवानच्या एसिक्सकडे गेल्या. जुनी डिस्क वाचली नसती, तर मॉसचिपच्या नावाने शोधून हाती काही लागलं नसतं, ९७१० या आकड्याने लागलं असतं.

तुमच्या बारांतली दोन-तीन मशीन वेगळी निघाली तर त्यांचे ड्रायव्हर आयडीवरून शोधावे लागतील. ब्रँडेड असेल तर आधी त्या कंपनीच्याच सपोर्ट पानावर सर्व्हिस टॅग टाका. तिथे नसेल तर मायक्रोसॉफ्ट अपडेट कॅटलॉग या मायक्रोसॉफ्टच्याच साइटवर व्हेन आणि डेव्हचा आकडा टाकून शोधा. लांब आयडीला काही सापडलं नाही तर सबसिसचा भाग गाळून बघा. यादीतून तुमच्या विंडोजची आवृत्ती, ६४ बिट की ३२ बिट, आणि नवी तारीख बघून घ्या. फाइल कॅब प्रकारची, म्हणजे बांधलेल्या गठ्ठ्यासारखी येते. ती नेट असलेल्या मशीनवरच सेव्हन-झिपने उघडून फोल्डर करून आणा. आत आयएनएफ, सिस आणि कॅट अशा तिन्ही प्रकारच्या फाइली आहेत का बघा. आयएनएफ ही साधी मजकुराची फाइल आहे. नोटपॅडमध्ये उघडून त्यात तुमचा डेव्ह क्रमांक शोधा. सापडला तर ड्रायव्हर तुमचाच. ही अर्ध्या मिनिटाची तपासणी तालुक्याच्या गावातच करून घ्या. एसटीचे अडीच-तीन तास मोडून शाळेत आल्यावर चूक कळली तर दुसरा आठवडा उजाडतो.

फाइल उतरवताना तिचा आकारही बघत चला. प्रिंटरचा ड्रायव्हर म्हणून चार-पाच एमबीची फाइल मिळाली, तर ती बहुधा नुसती दारावरची घंटा असते. चालवली की खरा माल नेटवरून आणायला जाते. नेट नसलेल्या मशीनवर ती ‘कनेक्ट टू इंटरनेट’ म्हणून थांबते. त्याच पानावर ‘फुल’ किंवा ‘ऑफलाइन’ नावाची मोठी फाइल शोधा, काही कंपन्या ती खाली लपवतात. काही जुन्या ड्रायव्हरांच्या सेटअपला डॉटनेट ३.५ हे मायक्रोसॉफ्टचं जोड-सॉफ्टवेअर लागतं, आणि विंडोज १० तेही नेटवरूनच मागतं. पण ते तुमच्या विंडोजच्या पेनड्राइव्हमध्ये ‘सोर्सेस’ फोल्डरात ‘एसएक्सएस’ नावाने पडलेलं असतं. डीआयएसएमला तो रस्ता दाखवला की तिथून टाकता येतं.

सगळे ड्रायव्हर एकत्र देणाऱ्या पॅकबद्दल तुमचा अनुभव ताजाच आहे. त्यात मला एकच नाव सांगावंसं वाटतं, स्नॅपी ड्रायव्हर इन्स्टॉलर ओरिजिन. तो मुक्त स्रोताचा आहे, जाहिराती नाहीत, आणि फक्त नेटवर्कचे ड्रायव्हर उतरवायचा वेगळा पर्याय आहे. पूर्ण पॅक मात्र कित्येक जीबींचा, तो शहरातल्या नेटवरच उतरवावा. मी स्वतः तो दुकानात ठेवतो, पण शेवटचा उपाय म्हणून, आणि त्यातूनही एका वेळी एकच खूण करून टाकतो. सगळ्यावर एकदम टिक मारली आणि स्क्रीन काळी झाली, तर कोणत्या ड्रायव्हरने झाली ते कळायला मार्ग राहत नाही.

टाकताना अडलं तर त्या डिव्हाइसच्या प्रॉपर्टीजमध्ये कोड दिसतो. २८ म्हणजे ड्रायव्हरच नाही. १० म्हणजे ड्रायव्हर आहे पण डिव्हाइस सुरू होत नाही. ५२ म्हणजे सहीची पडताळणी झाली नाही. ६४ बिट विंडोजला ड्रायव्हरवर डिजिटल सही, म्हणजे फाइल त्याच कंपनीची असल्याचा पुरावा, लागते. ती तपासणी बंद करायची युक्ती व्हिडिओंमध्ये दाखवतात, शिफ्ट दाबून रीस्टार्ट आणि मग ७ नंबर. मी शाळेच्या मशीनवर ती करणार नाही, तुम्हीही करू नका. ती सूट पुढच्या रीस्टार्टपर्यंतच असते; दुसऱ्या दिवशी मुलांनी मशीन लावलं की ड्रायव्हर पुन्हा अडतो. बिनसहीचा ड्रायव्हर भेटला तर सहीचा शोधावा हेच बरं.

सही बरोबर असूनही नाकारली जात असेल तर घड्याळ बघा. बरेच दिवस बंद पडून राहिलेल्या मशीनचा बोर्डवरचा सेल संपलेला असतो, तारीख मागच्या कुठल्यातरी वर्षावर जाते, आणि विंडोजला वाटतं की सहीचं प्रमाणपत्र अजून सुरूच झालेलं नाही. नेट असेल तर घड्याळ आपोआप जुळतं, तुमच्याकडे ते होणार नाही. सेल सीआर२०३२ नावाचा, घड्याळवाल्याकडेही मिळतो. बारा घेऊन ठेवा. कारखान्याच्या गोदामात पडलेल्या मशीनमध्ये निम्म्याहून अधिक सेल गेलेले निघाले तर मला नवल वाटणार नाही.

पेनड्राइव्हबद्दल मी फार कडक आहे. नेट नाही म्हणून व्हायरस येणार नाही, असं समजणाऱ्या शाळांतच शॉर्टकट व्हायरस (फाइली लपवून त्यांच्या जागी शॉर्टकट ठेवणारा) सगळ्यांत जास्त बघितला, कारण एकच पेनड्राइव्ह सायबर कॅफे, झेरॉक्सचं दुकान आणि शाळा असा फिरत असतो. २०१० मध्ये उघडकीस आलेला स्टक्सनेट हा व्हायरस नेटला न जोडलेल्या मशीनपर्यंत पेनड्राइव्हवरूनच पोचत होता. ड्रायव्हरवाल्यांनी तो विसरू नये, कारण त्याच्या ड्रायव्हर फाइलींवर रिअलटेक आणि जेमायक्रॉन या खऱ्या कंपन्यांच्या चोरलेल्या सह्या होत्या. म्हणून फाइल कुठून उतरवली याला सहीइतकंच महत्त्व आहे. ड्रायव्हरसाठी एक वेगळा पेनड्राइव्ह ठेवा, त्याला लाल दोरा बांधा, प्रश्नपत्रिका आणि फोटो त्यात कधीच घालू नका. तुमच्या मशीनला डीव्हीडी ड्राइव्ह असतील तर ड्रायव्हर एकदाच लिहिता येणाऱ्या डीव्हीडीवर लिहून, ती बंद करून आणा. तिच्यात नंतर काही शिरू शकत नाही.

अंबड-सातपूरचे वर्कशॉपवालेही ड्रायव्हर अडला म्हणूनच येतात, म्हणून त्यांच्यासाठी थोडं. सीएनसीला (कॉम्प्युटरच्या प्रोग्रामवर चालणाऱ्या वर्कशॉपच्या यंत्राला) प्रोग्राम पाठवायची यूएसबी-सिरियल केबल नव्या मशीनवर कोड १० देते, तेव्हा केबल फेकू नका. आयडी बघा. तो इथे व्हिड (कंपनीचा आकडा) आणि पिड (वस्तूचा आकडा) अशा रूपात असतो. व्हिड ०६७बी म्हणजे प्रोलिफिक, ०४०३ म्हणजे एफटीडीआय, १ए८६ म्हणजे सीएच३४० ही चिप बनवणारी कंपनी. प्रोलिफिकच्या जुन्या चिपांना नवा ड्रायव्हर मुद्दाम नाकारतो. ‘लेट मी पिक’मध्ये जाऊन यादीतला जुन्या तारखेचा ड्रायव्हर निवडला की चालू होते. एफटीडीआयच्या बाबतीत ऑक्टोबर २०१४ मध्ये विंडोज अपडेटमधून आलेल्या ड्रायव्हरने नकली चिपांचा पिड शून्य करून टाकला होता आणि जगभरच्या केबली एका रात्रीत ओळखेनाशा झाल्या होत्या. त्यामुळे असं मशीन नीट चालत असेल तर त्याला ‘एकदा अपडेट करून घेऊ’ म्हणून नेट लावू नका. लावावंच लागलं तर आधी डिव्हाइस इन्स्टॉलेशन सेटिंगमध्ये आपोआप ड्रायव्हर घेणं बंद करा. विंडोज ७ वर अडलेल्यांनी केबी ३०३३९२९ हे २०१५ चं अपडेट आधी टाकावं, नाहीतर नव्या पद्धतीच्या सह्या त्याला वाचताच येत नाहीत.

पुढे कुणी शाळेला नवे लॅपटॉप दिले आणि विंडोज टाकताना डिस्कच दिसली नाही, तर डिस्क खराब समजू नका. इंटेलच्या अकराव्या पिढीपासून पुढच्या बऱ्याच लॅपटॉपमध्ये व्हीएमडी नावाची डिस्क हाताळणारी सोय चालू असते आणि तिचा ड्रायव्हर सेटअपला ‘लोड ड्रायव्हर’मधून द्यावा लागतो. तो लॅपटॉपच्या कंपनीच्या पानावर स्टोरेजच्या यादीत सापडतो.

विंडोजऐवजी लिनक्स या मोफत सिस्टीमचा विचार करत असाल तर तो वाईट नाही. बहुतेक ड्रायव्हर त्याच्या गाभ्यातच असतात, जुन्या मशीनवर साउंड-ग्राफिक्स काही न करता चालू होतात. अडतं ते वाय-फायच्या फर्मवेअरवर, म्हणजे त्या कार्डाच्या आत चालणाऱ्या प्रोग्रामवर. जून २०२३ च्या डेबियन १२ या लिनक्सपासून ते फर्मवेअरही त्यांच्या मुख्य इन्स्टॉलरमध्येच येतं, त्यामुळे नेट नसताना टाकायला तो सोपा झालाय. विंडोज १० चा नेहमीचा सपोर्ट १४ ऑक्टोबर २०२५ ला संपला आहे, तेव्हा एखाद्या मशीनवर लिनक्स लावून मुलांना कसं जमतं ते बघाच.

शनिवारी वणीमार्गे नाशिकला येणारच असाल तर सीपीयू आणू नका, एसटीत आदळेल. तो सुरगाण्यापर्यंतच न्या. माझ्यासाठी फक्त त्या बारा फाइली, वेगळ्या निघालेल्या मशीनच्या स्टिकरचे फोटो आणि एक रिकामा १६ जीबीचा पेनड्राइव्ह आणा. आणि घरून निघण्याआधी एका मशीनवर विंडोजची आवृत्ती बघून या: स्टार्टमध्ये ‘विनव्हर’ टाइप केलं की छोटी खिडकी उघडते, तिचाही फोटो काढा.